शशिकलाबाईंना बदनाम करणारा तो मेसेज

माझी आत्या बाळीवेशीत राहते. परवा रात्री साडेदहाला तिचा फोन आला, आवाज रडवेला. "अगं, शशिकलाचं हे काय आलंय मोबाईलवर? खरं आहे का?" 'आपल्या सोलापूरची' म्हणून तिनं जुन्या हिंदी सिनेमातल्या या नटीचे सिनेमे जीव लावून पाहिलेत. मेसेज घरच्या ग्रुपवर दोनदा येऊन गेला होता आणि खाली लोकांनी हात जोडलेले. त्यात म्हटलं होतं की, शशिकला पडद्यावर लोकांचे संसार मोडायची, मनानंही तशीच होती. त्या पापानं तिचा डोळा गेला, काम सुटलं आणि शेवटी मदर तेरेसांच्या दारात आसरा मागावा लागला.

डोळ्याचं आधी संपवते. ती गोष्ट दुसऱ्याच नटीची, ललिता पवारांची. १९४२ साली शूटिंगमध्ये नट भगवानदादांची थप्पड जोरात बसली आणि त्यांचा डावा डोळा कायमचा अधू झाला. तो अपघात होता. एकीचं दुखणं दुसरीच्या नावावर घालायचं आणि वर त्याला पापाचं फळ म्हणायचं? ललिताबाईंनी तरी कोणतं पाप केलं होतं?

आता संसार मोडण्याचं. पुरावा म्हणून मेसेजवाल्यानं 'गुमराह'चं नाव दिलंय. १९६३चा, बी. आर. चोप्रांचा सिनेमा. त्यानं तो शेवटपर्यंत पाहिलेलाच नाही. शशिकलाबाईंची लीला माला सिन्हाला धमकावते, पैसे उकळते, आपण तिच्या प्रियकराची बायको आहोत असं सांगते. पाहताना चीड येते. पण शेवटी कळतं की ही अशोककुमारची, म्हणजे मालाच्या नवऱ्याचीच सेक्रेटरी. त्याच्याच सांगण्यावरून ती हे सगळं करत होती, बायकोला घरी परत आणण्यासाठी! या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं. त्याआधी 'आरती'तल्या भांडखोर जावेलाही मिळालं होतं. आणि 'सुजाता'तली रमा? 'अनुपमा'तली ती खळखळून हसणारी मैत्रीण? त्यांनी कोणाचं घर मोडलं?

मदर तेरेसांकडे त्या गेल्या होत्या, हे खरं. घरचं दुःख होतं, मन खचलं होतं, हेही खरं. पण तिथं त्यांनी आजाऱ्यांची सेवा केली. आसरा मागणं आणि सेवा करणं यात फरक आहे की नाही? पुढं त्या परत येऊन कामालाही लागल्या. 'सोनपरी' मालिका आमच्या घरातल्या पोरांनी पाहिलीय. २००७ साली पद्मश्री मिळाली, सरकारी यादीत नाव आहे. काम सुटलेली, विसरलेली बाई ती हीच का?

१९३२ साली सोलापुरात जवळकरांच्या घरी जन्मलेली मुलगी. पाच वर्षांची असल्यापासून जिल्ह्यातल्या गावोगावी स्टेजवर नाचली, गायली. वडिलांचं दिवाळं निघालं आणि घर मुंबईला गेलं. तिथं गायिका-नटी नूरजहाँच्या ओळखीनं १९४५च्या 'झीनत'मधल्या कव्वालीत उभी राहिली, पंचवीस रुपये मिळाले. घर चालवायला लहान वयात उभ्या राहिलेल्या पोरीला पापीण म्हणताना काहीच कसं वाटत नाही?

आत्या, तो मेसेज पुढं पाठवू नकोस. रविवारी मी घरी येते, 'गुमराह' शेवटपर्यंत बघू. भावजींनाही बसव, त्यांनीच तो ग्रुपवर टाकलाय.