'गाळा माझा, मग कुलूप माझं का नको?'

भाडेकरूकडून दुकानाचा गाळा परत कसा घ्यायचा यावरच्या मागच्या लेखाखाली 'एक गाळेमालक' या नावाने प्रतिक्रिया आली आहे. थोडक्यात अशी: 'कराराची मुदत संपली, नोटीसही गेली, तरी तुम्ही कोर्टात जा म्हणता. वकिलांची दुकानं चालवायचे हे धंदे. सरळ आपलं कुलूप ठोकावं. आणि तुम्ही सांगता ती १५ दिवसांची नोटीस माझ्या शेजाऱ्याने दिली होती. दावा फेटाळला गेला.'

साहेब, शेवटच्या मुद्द्यापासून सुरू करतो, कारण तिथे मी कमी पडलो. १५ दिवसांची नोटीस मालमत्ता हस्तांतरण कायद्यातली, कलम १०६ ची. ती कुणाला पुरते हे मी लिहायला हवं होतं. आपल्या शहरांत दुकानाचा भाडेकरू असेल तर सहसा १९९९ चा महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा आडवा येतो, आणि मग 'मुदत संपली' हे ताबा मागायला कारणच उरत नाही. त्या कायद्याच्या कलम १६ मधलं कारण लागतं: स्वतःची खरी गरज, परस्पर पोटभाडेकरू, न विचारता केलेलं पक्कं बांधकाम, सहा महिने सबळ कारणाशिवाय बंद ठेवलेलं शटर. भाडं थकलंय म्हणाल, तर मागणीची नोटीस देऊन ९० दिवस थांबायचं. त्यानंतरही समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत त्याने १५ टक्के सरळव्याजाने बाकी कोर्टात भरली आणि पुढे भरत राहिला, तर त्या कारणावर गाळा सुटत नाही.

पण भाडेकरू बँक असेल, सरकारी कंपनी असेल, किंवा १ कोटी वा त्याहून जास्त पेड-अप कॅपिटलची (भागधारकांनी भरलेल्या भांडवलाची) कंपनी असेल, तर हे संरक्षण त्याला नाही. एकाच इमारतीत शिंप्याच्या दुकानाला एक कायदा आणि शेजारच्या मोठ्या शोरूमला दुसरा. १५ दिवसांची नोटीस चालते ती शोरूमला. (लिव्ह अँड लायसन्सवाल्यांसाठी: कोर्टाऐवजी सक्षम प्राधिकाऱ्याकडे ताबा मागायची झटपट वाट फक्त राहत्या घरांना आहे, गाळ्याला नाही.)

आता कुलूप. माझ्या एका पक्षकाराने हेच केलं होतं, मला न विचारता. दिवाळीच्या आठ दिवस आधी शिंप्याच्या कुलपावर स्वतःचं कुलूप. आत गिऱ्हाइकांचे शिवायला आलेले ब्लाउज. तिसऱ्या दिवशी बायका आमच्या पक्षकाराच्याच दारात! शिंपी कोर्टात गेला, आणि मालकाला बेलिफासमोर स्वतःच्या हाताने कुलूप काढावं लागलं. अशा वेळी विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याचं (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम ६ लागतं. सहा महिन्यांच्या आत दावा केला की मालकी कुणाची हे तिथे बघतच नाहीत. ताब्यात कोण होता आणि त्याला कायद्याच्या मार्गाने बाहेर काढलं का, एवढंच. नोटिशीने करार संपतो, ताबा आपोआप हातात येत नाही.

दुसरी खोड मालकांची. नोटीस द्यायची आणि पुढच्या महिन्याचं भाडं गुपचूप घ्यायचं. आता तर भाडेकरू यूपीआयवर 'दुकान भाडे, मे' असं टाकून मोकळा होतो. नुसतं भाडं घेतलं म्हणून भाडेपट्टा वाढला असं होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सांगितलंय. तरी नोटिशीवर पाणी सोडल्याचा वाद कशाला ओढवून घ्यायचा? दर महिन्याला दोन ओळींचं पत्र पाठवा: रक्कम भाडं म्हणून नाही, वापराच्या नुकसानभरपाईपोटी, हक्कास बाधा न येता स्वीकारली.

तारखा लांबतात हा तुमचा राग मात्र रास्त आहे, त्याचं समर्थन मी करणार नाही. पण गाळा सोडण्याचा कोर्टाचा हुकूमनामा झाल्यावर अपिलात स्थगिती मागणाऱ्याला जुन्या भाड्यावर बसून राहता येत नाही. २००९ च्या निकालात तर खुद्द महाराष्ट्र सरकारच भाडेकरू होतं. भाडं पाच हजारांच्या घरात, आणि स्थगिती हवी तर महिन्याला ५ लाख ४० हजार भरा, असा उच्च न्यायालयाचा आदेश. सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. अशी रक्कम भरायची वेळ आली की तडजोडीची भाषा समोरूनच सुरू होते.

तुमच्या शेजाऱ्याच्या करारात भाडेकरू म्हणून सही कुणाची आहे, माणसाची की कंपनीची, तेवढं बघून कळवा. कंपनी असेल तर तिचं पेड-अप कॅपिटलही.