आदेश फलकावर नाही म्हणून घरपट्टी माफ होत नाही

नाशिकमधील सोसायट्यांच्या आणि नातेवाइकांच्या व्हॉट्सअ‍ॅप समूहांत सध्या एक मजकूर फिरतो आहे. ‘शासन आदेश जाहीर प्रदर्शन कायद्या’नुसार प्रत्येक शासकीय आदेश कार्यालयाच्या फलकावर ३० दिवस लावणे बंधनकारक आहे; तो न लावल्यास आदेश आपोआप रद्द होतो; मग घरपट्टी किंवा दंड भरण्याची गरज नाही; संकेतस्थळावरील प्रसिद्धी ग्राह्य नाही; फलक न लावणारा अधिकारी निलंबित होतो; आणि सर्वोच्च न्यायालयानेही हेच सांगितले आहे, असा त्याचा आशय. पंचवटीत राहणाऱ्या माझ्या मावशींनी हे वाचून घरपट्टीचे बिल बाजूला ठेवले आणि शेजाऱ्यांनाही तोच सल्ला दिला, म्हणून आता गप्प बसणे शक्य नाही.

असा कायदाच नाही. विधिमंडळाने केलेल्या प्रत्येक अधिनियमाला क्रमांक आणि वर्ष असते, आणि तो महाराष्ट्र शासन राजपत्रात प्रसिद्ध होतो. या मजकुरात क्रमांक नाही, वर्ष नाही, एकही कलम नाही. पुढे पाठवण्यापूर्वी एवढे तरी पाहायला हवे होते.

सर्वांत घातक मुद्दा घरपट्टीचा आहे. घरपट्टी एखाद्या शासन निर्णयातून उगवत नाही. ती महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, १९४९ अन्वये आकारली जाते. त्यामुळे अमुक परिपत्रक फलकावर होते की नव्हते, याने बिलाची देयता बदलत नाही. बिल थकले की त्यावर दरमहा २ टक्के शास्ती चढू लागते, म्हणजे वर्षभर थकलेल्या रकमेवर जवळजवळ चौथा हिस्सा वाढतो, आणि तरीही न भरल्यास जप्तीपर्यंत कारवाई जाऊ शकते. निवृत्तिवेतनावर घर चालवणाऱ्या माणसाला हा भुर्दंड कोण भरून देणार आहे? आकारणी चुकीची वाटत असेल तर त्याच अधिनियमाच्या कलम ४०६ खाली न्यायाधीशांकडे अपील करता येते. पण त्याची मुदत अवघी १५ दिवसांची आहे आणि कराविरुद्धच्या अपिलात मागणीची रक्कम आधी जमा करावी लागते. म्हणजे हा मजकूर ऐकून स्वस्थ बसणारा माणूस शास्ती तर ओढवून घेतोच, शिवाय ज्या मार्गाने खरोखर दाद मागता आली असती तो मार्गही मुदतीअभावी गमावून बसतो.

सर्वोच्च न्यायालयाच्या मुद्द्यात अर्धे सत्य आहे, ते मान्य करावे लागेल. १९५१ मध्ये हरला विरुद्ध राजस्थान राज्य या खटल्यात न्यायालयाने एका आरोपीचा ५० रुपयांचा दंड रद्द केला, कारण जयपूर संस्थानाच्या मंत्रिमंडळाने १९२३ मध्ये ठरावाने संमत केलेला अफूविषयक कायदा कोठेही प्रसिद्धच झालेला नव्हता. लोकांना कळण्याचा कोणताही मार्ग नसलेला कायदा लोकांवर लादता येत नाही, हे तत्त्व मोलाचे आहे आणि ते टिकलेच पाहिजे. मात्र प्रसिद्धी म्हणजे फलकच, असे तेथे म्हटलेले नाही. उलट महाराष्ट्र राज्य विरुद्ध मेयर हान्स जॉर्ज या खटल्याने हा दावा पुरता निकालात काढला आहे. नोव्हेंबर १९६२ मध्ये झुरिचहून मनिलाला निघालेला हा जर्मन प्रवासी विमान मुंबईत थांबले असताना ३४ किलो सोन्यासह सापडला. सोन्याच्या वाहतुकीविषयीची रिझर्व्ह बँकेची नवी अधिसूचना राजपत्रात येऊन जेमतेम चार दिवस झाले होते आणि परदेशात बसून ती आपल्याला कळणे शक्य नव्हते, असा त्याचा बचाव होता. राजपत्रातील प्रसिद्धी पुरेशी आहे, प्रत्येक व्यक्तीला ती प्रत्यक्ष कळलीच पाहिजे असे नाही, असे सांगून न्यायालयाने बहुमताने उच्च न्यायालयाने केलेली त्याची निर्दोष मुक्तता रद्द केली आणि दोषसिद्धी पुन्हा कायम केली. झुरिचच्या प्रवाशाला जी सबब मिळाली नाही, ती पंचवटीतील करदात्याला फलकाच्या नावाने मिळेल, असे कोणत्या आधारावर सांगितले जाते?

संकेतस्थळाविषयी फार लिहिण्याचे कारण नाही. शासन निर्णय महाराष्ट्र शासनाच्या संकेतस्थळावर उपलब्ध असून त्याचा संकेतांक अमुक आहे, असे प्रत्येक निर्णयाच्या शेवटीच छापलेले असते. निलंबनाचा मुद्दाही तसाच निराधार आहे. निलंबन सेवानियमांनुसार सक्षम प्राधिकारी करतो, फलक लावला नाही म्हणून ते आपोआप होत नाही.

मजकुरात शेवटी पांडवलेण्यांतील शिलालेखांचाही दाखला दिला आहे. तिसऱ्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णीची आज्ञा कोरलेली आहे, हे खरे, आणि नाशिककरांना तिचा अभिमान वाटणे योग्यच आहे. पण ती गोवर्धन येथील अमात्याला भिक्षूंसाठी शेत देण्याविषयी केलेली आज्ञा आहे. न कोरलेली आज्ञा रद्द समजावी, असे तिच्यात कोठेही नाही.

फलक लागावेत, ही मागणी मात्र माझीही आहे, कारण मोबाइल न वापरणाऱ्या माणसालाही शासनाचा आदेश वाचता आला पाहिजे. त्यासाठी खरा कायदा उपलब्ध आहे. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ च्या कलम ४ नुसार प्रत्येक सार्वजनिक प्राधिकरणाने ठरावीक माहिती स्वतःहून प्रसिद्ध करायची असते, आणि प्रसाराच्या मार्गांत सूचना फलकाचा स्पष्ट उल्लेख आहे. एखादा आदेश दिसत नसेल, तर १० रुपये शुल्क भरून त्याची प्रत मागावी; ३० दिवसांत उत्तर न आल्यास त्याच कार्यालयात प्रथम अपील करावे आणि तेथेही दाद न मिळाल्यास राज्य माहिती आयोगाच्या नाशिक खंडपीठाकडे दुसरे अपील करावे.