शॉक ऑब्झर्व्हर

आमच्या गाडीचं दुखणं सगळ्यात आधी ओळखलं ते आमटीने.

आई महिन्यातून एकदा सासवडला मावशीकडे जाते. रिकाम्या हाताने जायचं नाही, हा तिचा नियम. पुढच्या सीटवर आई, तिच्या मांडीवर चौघडी घातलेला टॉवेल, टॉवेलवर कडीचा स्टीलचा डबा आणि डब्यात कटाची आमटी. पुण्याहून सासवड तीसेक किलोमीटर, मध्ये दिवे घाट. कित्येक वर्षं ही आमटी थेंबही न सांडता पोचत होती. मग एकदा टॉवेलवर तवंगाचा एक ठिपका दिसला. पुढच्या खेपेला टॉवेल भिजला. त्याच्या पुढच्या खेपेला घाट सुरू व्हायच्या आत, वडकीतच, आईच्या इरकली साडीने आमटी चाखली.

"अरे, गाडी चालवतोयस की तांदूळ पाखडतोयस?"

"रस्ते बघ ना कसे झालेत, आई," मी म्हणालो.

आईला हे इतकं पटलं की तिथून पुढे प्रत्येक धक्क्याला ती रस्तेवाल्यांच्या सात पिढ्यांची विचारपूस करू लागली. मीही तिला आवरलं नाही. आपल्यावरचं बालंट परस्पर दुसरीकडे जात असेल तर मध्ये पडू नये.

आता गाडी 2004 सालची मारुती झेन. पंधरा वर्षं भरल्यावर आरटीओत जाऊन, पर्यावरण कर भरून पाच वर्षं वाढवून घेतलेली, मग परत पाच. म्हणजे तिसऱ्या डावातली. अशा गाडीत काहीही एका दिवसात बिघडत नाही, त्यामुळे मालकाला काहीच कळत नाही. चष्म्याचा नंबर वाढतो तेव्हा आपल्याला वाटतं की हल्ली वर्तमानपत्रंच बारीक छापतात, तशातली गत. शिवाय चालवणाऱ्याच्या हातात स्टिअरिंग असतं, त्याला खड्डा आधी दिसतो आणि तो अंग आवळून बसतो. शेजारच्याच्या हातात फक्त डबा.

आमटीनंतर दुसरा आक्षेप बायकोकडून आला. "अहो, तुम्ही ब्रेक मारला की ही नंदीबैलासारखी मान डोलावते." निरीक्षण अचूक होतं. सिग्नलला थांबलो की गाडी आधी नाक खाली घालायची, मग वर करायची, मग पुन्हा खाली. शेजारच्या रिक्षावाल्याने "यंदा पाऊस होणार का?" असं विचारलं असतं, तर तिने होकारच भरला असता.

मग सोसायटीच्या पार्किंगमध्ये तपासणी झाली. पहिल्या मजल्यावरचे निवृत्त काका म्हणाले, सोपं आहे. गाडीचा एक कोपरा जोर लावून खाली दाबायचा आणि सोडून द्यायचा. वर येऊन जागेवर बसली तर ठणठणीत. त्यानंतरही खालीवर करत राहिली तर शॉकअप, म्हणजे चाकांपाशी हेलकावे जिरवणारे दांडे, गेले. काकांनी बॉनेटच्या कडेला दोन्ही हात टेकून जोर लावला. गाडी ढिम्म. पण काकांचं वजन अठ्ठेचाळीस किलो, तेव्हा यातून गाडीपेक्षा काकांच्याच प्रकृतीचं निदान झालं. मग वॉचमनला बोलावलं. त्याने कोपरा दाबून सोडला आणि गाडीने लेझीम सुरू केलं. एक, दोन, तीन. चौथा हेलकावा धरायचा की नाही, यावर काका आणि वॉचमन यांच्यात मतभेद झाले. तोवर मुलांनी मागची बाजू ताब्यात घेतली होती आणि गाडी दोन्ही टोकांनी नाचत होती.

गॅरेजवाल्या मिस्त्रींनी गाडी दाबलीसुद्धा नाही. मी आत आणताना वळणावर ती कशी कलंडली, हे बघूनच ते हात पुसत आले. "साहेब, चारी शॉक ऑब्झर्व्हर गेलेत."

शब्द अ‍ॅब्सॉर्बर आहे, हे मी त्यांना सांगणार होतो. पण विचार केल्यावर वाटलं, मिस्त्रींचाच शब्द बरोबर आहे. माझ्या गाडीतले चारही नग गेली दोन-तीन वर्षं धक्क्यांचं नुसतं निरीक्षणच करत होते. धक्का आला, त्यांनी पाहिला, तसाच वर पाठवला. सरकारी कामात निरीक्षक याहून वेगळं काय करतो?

खरं तर धक्का झेलणं हे त्यांचं काम नाहीच. गाडीचं वजन पेलते आणि धक्का खाते ती स्प्रिंग. स्प्रिंगचा स्वभाव झोपाळ्याचा. एकदा झोका मिळाला की आपण होऊन थांबत नाही. जुन्या घरात झोपाळ्यावर बसलेली आजी हळूच पायाचा अंगठा जमिनीला टेकवून झोका मोडायची. शॉकअप म्हणजे तो अंगठा. आत एक नळी, नळीत तेल, तेलात बारीक भोकांचा दट्ट्या. स्प्रिंग हलली की दट्ट्या तेलातून सरकतो. तेलाला त्या भोकांतून वाट काढताना घाम फुटतो, म्हणजे अक्षरशः ऊब तयार होते, आणि झोक्याचा जोर त्या उबेत जिरतो. वर्षानुवर्षं सरकून सील झिजलं की तेल पाझरतं, आणि आजी अंगठा टेकवायची विसरते.

मिस्त्रींनी मला गाडीखाली वाकायला लावलं. पुढच्या डाव्या चाकामागे काळी नळी दिसत होती. वरच्या टोकापासून अर्ध्यापर्यंत ओली आणि त्यावर धुळीचा जाड थर. त्यांनी बोट फिरवून मला दाखवलं. बोटावर तेल आणि धुळीचं मेतकूट. "नुसतं ओलसर असतं तर म्हटलं असतं अजून थोडी चालवा. हे गळलंय." मग माझा तळवा टायरवर ठेवून गोल फिरवायला सांगितला. रबर सपाट नव्हतं. उंच, खोल, उंच, खोल. जात्याला नुकतीच टाकी लावून घेतल्यासारखं. चाक रस्त्यावर नीट न टेकता टपटप उड्या मारत गेलं की टायर असा खवल्यांनी झिजतो. या टायरच्या घोंगावण्यालाच मी गेले सहा महिने इंजिनाचा भारदस्तपणा समजत होतो.

"आवाज कसा येतो?" मिस्त्रींनी विचारलं.

इथे माझी खरी परीक्षा होती. गाडीचा आवाज तोंडाने काढून दाखवणं ही कला भल्याभल्यांना जमत नाही. मी आधी "खडक" म्हणालो. मिस्त्री म्हणाले, "खडक का खट्?" मी डोळे मिटून आठवलं. "खट्. पण मागोमाग थोडं कुई."

"बारीक खट् म्हणजे लिंक रॉड. कुई म्हणजे बुश, सांध्यातलं रबर. धप्प असेल तर शॉकअप."

"धप्पपण आहे."

"मग सगळंच आहे," मिस्त्री म्हणाले. बाजूला स्कूटर घेऊन आलेल्या एका बाईंनी मात्र माझ्या आवाजांचं मनापासून कौतुक केलं.

माझ्या डोक्यात तेव्हा एकच प्रश्न होता. एकच शॉकअप गळतोय, तर एकच बदलला तर? मिस्त्रींनी माझ्याकडे असं पाहिलं, जसं भटजी सत्यनारायणाला एकट्या बसलेल्या यजमानाकडे बघतात. "साहेब, हे जोडीने करायचं असतं." एक बाजू कडक आणि दुसरी लुळी असली की वळणावर नि ब्रेकला गाडी भलतीकडे जाते. म्हणजे पुढचे दोन नक्की आणि मागचे दोन "आता उघडलंच आहे तर".

दुसरा पोटप्रश्न, रिपेअर करून मिळतात का? मिळतात. जुनी नळी उघडून तेल भरून, रंग देऊन देणारे लोक आहेत. मिस्त्री म्हणाले, "दिवाळीला करून घ्या, होळीला परत या."

मग त्यांनी चिठ्ठी लिहून दिली. डॉक्टरांचं अक्षर परवडलं. 'शोक ऑब्झर्वर 4, मौंटिंग 2, बंपस्टाप 2, बूट 2'. चिठ्ठी घेऊन मी नाना पेठेत गेलो.

नाना पेठेतल्या स्पेअर पार्टच्या दुकानात गिऱ्हाईक आत जात नाही, काउंटरवर लोंबकळतं. मागे छतापर्यंत खोके, आणि त्यातलं नेमकं कुठलं ओढायचं हे एकाच माणसाला ठाऊक. त्याने 'शोक' शब्दावर डोळाही न उचलता विचारलं, "तेलाचे का गॅसचे?"

याचा अभ्यास मी रात्री करून आलो होतो. नुसत्या तेलाचा शॉकअप खराब रस्त्यावर सतत हलत राहिला की आतलं तेल ताकासारखं घुसळून फेसाळतं. फेसात दट्ट्याला काही अडवत नाही, रवी नुसतीच फिरते. गॅसच्या शॉकअपमध्ये तेलावर नायट्रोजनचा दाब असतो, तो फेस होऊ देत नाही. मी हे सगळं काउंटरवर सांगितलं. तो माणूस शांतपणे ऐकून म्हणाला, "मग गॅसचे. ओरिजिनल देऊ, का कंपनीचे, का चांगले लोकल?"

ओरिजिनल म्हणजे गाडीवाल्या कंपनीच्या खोक्यातला, कंपनीचा म्हणजे शॉकअप बनवणाऱ्या कंपनीच्या खोक्यातला. चांगला लोकल म्हणजे काय, ते विचारायची माझी हिंमत झाली नाही. मी मधला मार्ग धरला आणि गॅब्रियलचे मागितले. नावातच एक गंमत आहे. अमेरिकेत क्लीव्हलंडच्या क्लॉड फॉस्टर या गृहस्थाने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मोटारीचा हॉर्न काढला आणि तुतारी फुंकणाऱ्या देवदूताचं नाव त्याला दिलं, गॅब्रियल. पुढे त्यानेच गाडीचे हेलकावे आवरणारं यंत्र काढून विकलं. आधी हॉर्न, मग धक्क्यांवर इलाज. हा माणूस पुण्यात कधी राहिलेला नव्हता, यावर माझा विश्वास बसत नाही.

"किती वर्षं टिकतील?" मी पैसे मोजताना विचारलं.

"गाडीपेक्षा जास्त," तो म्हणाला.

7,900 रुपये झाले. चिठ्ठीतला 'शोक' चुकून आला नव्हता. त्यात घरी येऊन खोके उघडले तर पुढचे दोन्ही शॉकअप डाव्या बाजूचे. दोन डाव्या चपला घालून देवळातून परतल्यासारखा मी पुन्हा नाना पेठेत. त्याने एक बदलून दिला आणि वर मलाच ऐकवलं, "खोक्यावर लिहिलेलं असतं, काका." सकाळी मी साहेब होतो.

गॅरेजमध्ये नवा शॉकअप खोक्यातून काढून मी उभ्या उभ्या त्याची दांडी दाबली. जोर लावावा लागला. सोडली तर ती सावकाश, कुणाची घाई नसल्यासारखी, आपण होऊन वर आली. मिस्त्रींनी जुना काढल्यावर तोही दाबून पाहिला. दांडी खुळकन आत गेली आणि तिथेच राहिली.

जुना काढणं मात्र सोपं नव्हतं. खालचे बोल्ट एकवीस पावसाळ्यांचा गंज धरून बसलेले. आधी तेल मारलं, मग हातोडा मारला, मग शिव्या. पुढच्या चाकांना शॉकअप आणि स्प्रिंग एकातच असतात, त्यामुळे स्प्रिंग आवळून धरल्याशिवाय वरचा नट सोडता येत नाही. त्यासाठी दोन लांब आकड्यांचे स्क्रू. मिस्त्रींनी ते समोरासमोर लावले, दोन्हीकडून थोडं थोडं आवळलं आणि एवढा वेळ थट्टामस्करी करणारा माणूस एकदम गप्प झाला. "लांब व्हा," एवढंच म्हणाले. त्या आवळलेल्या स्प्रिंगमध्ये माणसाचा जबडा मोडायची ताकद असते. स्कूटरवाल्या बाई आज नव्हत्या, पण असत्या तरी मी आवाज काढला नसता.

आतला बंपस्टॉप, म्हणजे शेवटचा दणका झेलणारा फोमचा गोळा, हातात घेताच शिळ्या भाकरीसारखा चुरला. वरच्या मौंटिंगचं रबर फाटलेलं. कुईचा खुलासा तिथेच झाला. सगळं नवं बसवून झाल्यावर मागचे बुशचे बोल्ट मात्र मिस्त्रींनी अर्धवटच ठेवले. "गाडी आधी स्वतःच्या पायावर उभी राहू दे." लटकत्या चाकावर बोल्ट आवळला की गाडी खाली येताच रबर पिळलं जातं आणि लवकर फाटतं. गाडी उतरवली, थोडी हलवली, मग आवळलं. मजुरी 1,800, अलाइनमेंटचे 400 वेगळे. शेवटी मिस्त्रींनी एक कोपरा दाबला. गाडी खाली गेली, वर आली आणि थांबली. मी उगाचच दुसरा कोपरा दाबला. तोही थांबला.

आमच्या गल्लीतला गतिरोधक ही गाडीची खरी तोंडी परीक्षा. रस्त्यांची मापं ठरवणाऱ्या इंडियन रोड्स काँग्रेसच्या हिशेबाने गोल गतिरोधक 3.7 मीटर रुंद आणि 10 सेंटिमीटर उंच असावा, म्हणजे ताशी पंचवीसच्या वेगाने सुखाने पार होतो. आमचा कुणाच्या तरी बांधकामातून उरलेल्या सिमेंटचा आहे. त्याची उंची सिमेंट संपेपर्यंत आणि रुंदी एका घमेल्याची. त्यावरून गेलो. धप्प नाही, खट् नाही, कुई नाही. मी मागे फिरून पुन्हा गेलो. तिसऱ्या वेळी वॉचमन काठी घेऊन बाहेर आला.

रविवारी आईला सासवडला न्यायचं होतं. मी मुद्दामच काही सांगितलं नाही. टॉवेल, डबा, आमटी. फुरसुंगी गेलं, वडकी गेली. घाटातल्या एका वळणावर मी जरा वेगही ठेवला, गाडी रस्त्याला धरून गेली. तिरप्या नजरेने बघितलं, टॉवेल कोरडा. वर विठोबाच्या उंच मूर्तीपाशी आईने हात जोडले, त्यासाठी तिने डब्यावरचे दोन्ही हात सोडले होते. डबा हलला नाही. सासवड येईपर्यंत ती खिडकीतून बाहेर बघत होती. चेहऱ्यावर समाधान. मी कौतुक ऐकून घ्यायला तयार होतो.

मावशीच्या दारात उतरून आईने डब्याचं झाकण उघडून पाहिलं, पुन्हा कडी लावली आणि म्हणाली, "बघितलंस? एवढ्या शिव्या घातल्या तेव्हा कुठे रस्ता केला मेल्यांनी."