सेकंदाला 24 चित्रं? कौतुक करा, पण हिशेब तपासून

जपानी अ‍ॅनिमेशन दिग्दर्शक हयाओ मियाझाकींच्या सिनेमांच्या क्लिपांसोबत एक मजकूर हमखास फिरतो: सेकंदाला 24 चित्रं, सगळी हातानं काढलेली, कॉम्प्युटरला शिवलंसुद्धा नाही, आणि विषय एकच, निसर्ग चांगला, माणूस वाईट.

24 या पडद्यावरच्या फ्रेम झाल्या, चित्रं नव्हेत. एरवी एक चित्र दोन फ्रेम टिकवतात, म्हणजे सेकंदाला 12. तीन टिकवलं तर 8. त्यांचा ‘प्रिन्सेस मोनोनोके’ (1997) सव्वादोन तासांच्या आसपास आहे. दर फ्रेमला नवं चित्र धरलं, तर नुसत्या एका थरालाच 1,90,000 च्या वर चित्रं लागतील. सगळे थर मिळून वापरले गेले सुमारे 1,44,000 सेल, म्हणजे चित्र रंगवून एकावर एक ठेवायचे प्लास्टिकचे जवळपास पारदर्शक कागद.

ही काटकसर खरीच, पण निव्वळ काटकसर नाही. दोन मुख्य चित्रांमधली चित्रं समान अंतरावर काढली तर हात यंत्रासारखा हलतो. म्हणून मुख्य चित्राच्या कडेला अंतराची छोटी पट्टी आखून देतात: सुरुवातीला आणि थांबताना चित्रं दाटीनं, मध्ये विरळ. वजन जाणवतं ते यामुळे. गोची होते कॅमेरा सरकतो तेव्हा. पार्श्वभूमी दर फ्रेमला पुढे जाते आणि पात्र एक फ्रेम सोडून बदलतं, त्यामुळे पाय जमिनीवर घसरल्यासारखे दिसतात, कडा थरथरतात. अशा ठिकाणी मात्र मुकाट्यानं 24 काढावी लागतात.

कॉम्प्युटरचं म्हणाल तर ‘मोनोनोके’तच काही भाग डिजिटल रंगवलेला आहे. 1999 च्या ‘माय नेबर्स द यामादाज’पासून मियाझाकींच्या स्टुडिओ जिब्लीनं सेल सोडलेच. कागदावरची पेन्सिलरेषा हातचीच राहिली. ती स्कॅन होते, रंग पडद्यावर भरतात. यात कमीपणा कसला? सेल पूर्ण पारदर्शक नसतो. वर थर चढला की खालचा रंग किंचित मळतो, म्हणून तोच रंग थरागणिक वेगळा घोटावा लागे. ती कटकट गेली.

‘माणूस वाईट’ हे तर ‘मोनोनोके’तल्या लोखंड गाळणाऱ्या गावाच्या प्रमुख एबोशीला पाहून कुणी म्हणूच नये. ती जंगल तोडते, बंदुका बनवून घेते, देवावर गोळी झाडते. पण कुंटणखान्यांतून सोडवलेल्या बायका तिच्याच लोखंडाच्या भट्टीवर भाता चालवतात, आणि महारोग्यांच्या जखमा ती स्वतः धुते. तिला खलनायिका ठरवून हाकललं तर ही माणसं जाणार कुठे, याचं सोपं उत्तर सिनेमा देत नाही. शेवटी डोंगर पुन्हा हिरवा होतो, वनदेव मात्र मेलेलाच असतो.