आरव म्हणजे शांत? कट्ट्यावर पेटलेला वाद

काल रात्री तलावपाळीच्या कट्ट्यावर असा वाद पेटला की हातातला चहा हातातच गार झाला. दाद्याच्या पोराचं रविवारी बारसं आहे, कृत्तिकेचं पहिलं चरण म्हणजे अक्षर अ, म्हणून घरात सगळ्यांनी मिळून आरव ठरवलंय. त्याने मोबाइलवर आमंत्रणाचं कार्ड दाखवलं, खाली सोनेरी अक्षरात ओळ, "आमचा आरव, अर्थात शांत".

आमचे मास्तर शाळेत संस्कृत शिकवतात, ते चष्मा वर करून म्हणाले, "नाव गोड आहे रे, पण अर्थ उलटा छापलायस. रव म्हणजे आवाज, पाखरांचा कलरव म्हणतो ना आपण? ज्याला रवच नाही ते नीरव, ते शांत. आरव म्हणजे आवाज, अगदी आरडाओरडासुद्धा."

"चार साइटवर बघितलं मास्तर, चारही ठिकाणी शांतच लिहिलंय!"

बारक्या म्हणाला, "एकाने लिहिलं, तिघांनी उचललं, मग साक्षीदार एकच झाला ना?"

मी तिथेच फोनवर आपट्यांचा 1890 चा कोश उघडला, मग मोनिअर विल्यम्सचा 1899 चा, दोन्ही फुकट बघता येतात, आणि दोन्हीकडे आरव म्हणजे ध्वनी, ओरडणं. शांत कुठेच नाही.

दाद्या माझ्यावरच घसरला, "मग तुझ्या पुतणीचं अनया? देवाची कृपा सांगता ना तुम्ही?" बरोबर बोलला तो. नय म्हणजे नीती, म्हणून कोशात अनय म्हणजे गैरवर्तन, संकट. कृपा बहुतेक अरबी इनायावरून आली असणार, त्याचा अर्थ काळजी, देखभाल, आणि इंग्रजी स्पेलिंगमध्ये दोन्ही नावं इतकी सारखी दिसतात की कुणीतरी सरळ एक करून टाकली. मास्तरांनी सांगितलं की राधेच्या नवऱ्याचं नावही अनयच, त्यामुळे नाव आपल्याकडचं आहेच, फक्त अर्थ दुसऱ्याचा चिकटलाय. कियाराचं तर अजून भारी, इटालियनमधून घेतलं तर उजळ, आयरिशमधून घेतलं तर काळी, आणि आपण देवनागरीत दोन्हीला कियाराच लिहितो. रेयांशमधला अंश खरा आहे पण रेय कोशात सापडत नाही, किरण हा अर्थ इंग्रजीतल्या रे वरून ओढलेला दिसतो.

"अरे पण हाक मारायला नाव लागतं, कोश घेऊन कोण बसतंय?" दाद्या काही ऐकेना, "आपल्या आज्यांनी दगडू, धोंडू ठेवलीच ना?"

"ठेवली," मास्तर म्हणाले, "आधीची मुलं दगावलेली असायची, हे तरी जगावं, दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम ठेवली. पण धोंडू म्हणजे मोती असं कुणी पोराला सांगितलं नाही."

यावर दाद्या गप्प झाला. मला मास्तरांचं शंभर टक्के पटलं, नाव आवडलं तर बिनधास्त ठेवा, पण उद्या पोरगं विचारेल तेव्हा खोटं कशाला सांगायचं, आधी नाव देवनागरीत नीट लिहा, फोड करून बघा आणि एकदा कोश उघडा, पाच मिनिटांचं काम आहे हो.

साडेअकराला ग्रुपवर दाद्याचं नवीन कार्ड आलं. नाव आरवच, आत्या पाळण्यापाशी कानात कुर्र करून तेच सांगणार. खालची ओळ तेवढी बदललेली, "आमच्या घरातला नवा आवाज".