आनंद पटवर्धनांची ‘नर्मदा डायरी’ खानदेशात कुणी पाहिलीय?

माहितीपट करणारे आनंद पटवर्धन म्हटलं की आपल्याकडे ‘राम के नाम’ आणि त्यावरचा वाद, एवढंच लोकांना आठवतं. सिमंतिनी धुरूंसोबत त्यांनी केलेली ‘नर्मदा डायरी’ (१९९५) ही सरदार सरोवर धरणाविरुद्धच्या नर्मदा बचाव आंदोलनावरची, म्हणजे तर आपल्या घरची फिल्म. पण इथे ती पाहिलेला माणूस शोधावा लागतो, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

फिल्ममध्ये दिसणारं मणिबेली गाव अक्कलकुवा तालुक्यातलं. तेव्हा नंदुरबार जिल्हा झाला नव्हता, सगळा कारभार धुळ्यातून चालायचा. सरदार सरोवराच्या बुडितात महाराष्ट्राची ३३ गावं आली, ती सगळी अक्कलकुवा आणि धडगाव तालुक्यांतली. त्या लोकांचं म्हणणं त्यांच्याच तोंडून ऐकायचं तर ही फिल्म पाहावी लागते.

मागे आम्ही ती कॉलेजात लावली होती. खिडक्यांना चादरी बांधून अंधार केला. सातपुड्यातली माणसं पडद्यावर बोलू लागली तशी मागच्या बाकांवरची पावरा मुलं खालची इंग्रजी अक्षरं न बघताच आपसात कुजबुजायला लागली. एक मुलगी तळोद्याकडच्या पुनर्वसन वसाहतीत जन्मलेली, नदीकाठचं गाव तिनं फक्त आजीकडून ऐकलेलं. फिल्म संपल्यावर ती म्हणाली, “सर, हे मोबाइलवर मिळेल का? आजीले दाखवनं शे.”

पटवर्धन एकाच बाजूनं बोलतात, अशी तक्रार असते. ते बाजू घेतात हे खरंच आहे, आणि लपवत नाहीत म्हणून मला ते प्रामाणिक वाटतात. शिवाय ते माणसं सोडत नाहीत. ‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरेंचं गाणं होतं. १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जण गेले आणि त्या धक्क्यानं घोगरेंनी आत्महत्या केली. तिथून सुरू झालेली ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण व्हायला १४ वर्षं लागली. एका फिल्मसाठी १४ वर्षं! दूरदर्शननं फिल्म नाकारल्या तर कोर्टात भांडले. ‘पिता, पुत्र और धर्मयुद्ध’ दाखवावी म्हणून लढा थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेला आणि २००६ मध्ये जिंकला. या माणसाची कारकीर्द पुरस्कारांवरून मोजू नये, असं मला ठामपणे वाटतं.

आज आपल्या पोरांकडे चांगले कॅमेरे आहेत, काहींकडे ड्रोनही. तोरणमाळचं धुकं आणि सारंगखेड्याचे घोडे सुंदरच दिसतात, जरूर टिपावेत. पण दिवाळीनंतर धडगावहून गुजरातेत ऊसतोडीला जाणाऱ्या टोळीसोबत कुणीतरी अख्खा हंगाम राहावं. रावेरच्या केळीबागेतल्या मजुराला पुन्हापुन्हा भेटावं, पुढच्या वर्षीही जावं. मुंबईहून कुणी येईल म्हणून आपण का थांबायचं?

जळगाव, धुळे, नंदुरबारमधल्या कुठल्याही कॉलेजला किंवा वाचनालयाला ‘नर्मदा डायरी’ लावायची असेल तर इनबॉक्समध्ये कळवा. रीतसर परवानगीचं आपण मिळून बघू. प्रोजेक्टर आणि स्पीकर मी घेऊन येतो.