खुलासा : तिखट वाढवल्याने साल्सा टिकत नाही

साल्सा म्हणजे भेद्रं (टोमॅटो), कांदा, मिरचीची चटणी. गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरतंय : "साल्सात भिवापुरी मिरची दुप्पट घाला, गरमच बरणीत भरा, वरून तेल ओता. फ्रीजशिवाय वर्षभर टिकतो." हे चूक आहे, आणि जिवावर बेतणारं आहे.

साल्सा टिकतो तो आंबटपणामुळे. बोट्युलिझम ही एका जंतूच्या विषाने होणारी जीवघेणी विषबाधा. बंद बरणीत ते विष तयार होऊ नये म्हणून पीएच (आंबटपणाचं माप, आकडा जितका कमी तितकं आंबट) ४.६ च्या खाली लागतो. भेद्रं नेमकी त्याच काठावर असतात. कांदा, लसूण, सांबार (कोथिंबीर), मिरची पडली की आंबटपणा आणखी उतरतो. म्हणजे जास्तीची मिरची उलट धोका वाढवते! त्या जंतूचे बीजाणू नुसत्या उकळण्याने मरत नाहीत, आणि तेलाच्या थराखाली हवा नसते, तेच त्यांना मानवतं. विषाला ना वास, ना चव. लोणच्याचा दाखला इथे चालत नाही, तिथे भरपूर मीठ आणि कैरीचा आंबटपणा असतो.

वर्षभर ठेवायचाच असेल तर तपासलेल्या कृतीतलं व्हिनेगर किंवा बाटलीबंद लिंबूरस मापानेच घाला. झाडावरच्या लिंबांचा आंबटपणा सारखा नसतो. मग भरलेल्या बरण्या कृतीत सांगितल्या वेळेइतक्या उकळत्या पाण्यात बुडवून ठेवा. नाहीतर फ्रीजमध्ये ठेवून चार दिवसांत संपवा. झाकण फुगलेली बरणी चाखून पाहू नका, ढोरांपुढेही टाकू नका.